हिरवा दिवा चालू, फ्रिज मात्र गार होईना

मार्च सरत आला की सोलापुरात फ्रिज दुरुस्त करणाऱ्याचा फोन दिवसभर वाजत राहतो. तक्रार जवळजवळ त्याच शब्दांत येते. "दिवा लागतोय, मोटरचा आवाज येतोय, पण गार होत नाही. आणि गेल्याच उन्हाळ्यात गॅस भरून घेतलाय." हे काम मी स्वतः करतो, आणि हे शेवटचं वाक्य ऐकलं की दर वेळी वाईट वाटतं. फ्रिजमधला गॅस स्वयंपाकाच्या सिलिंडरसारखा वापरून संपत नाही. नळ्या सगळीकडून बंद असतात आणि तोच गॅस वर्षानुवर्षं आत फिरत राहतो. तो कमी झाला असेल तर कुठेतरी गळती आहे. गळती नसेल तर गॅस भरण्याची गरजच नव्हती, मूळ कारण तसंच राहिलं, आणि पुढच्या एप्रिलमध्ये ते पुन्हा डोकं वर काढणार.

म्हणून मेकॅनिकला बोलावण्याआधी घरच्यांनी दोन गोष्टी बघून ठेवाव्यात. कोणता दिवा कसा लागतोय, आणि गार न होणं कोणत्या वेळी किंवा किती दिवसांनी परत येतंय. यासाठी स्क्रू ड्रायव्हरसुद्धा लागत नाही.

दिव्यांचा अर्थ

दार उघडल्यावर आतला बल्ब लागला, म्हणजे फ्रिजपर्यंत वीज आली. बाहेरच्या पट्टीवरचा हिरवा दिवाही बहुतेक फ्रिजमध्ये तेवढंच सांगतो. कॉम्प्रेसर चालू आहे का, पंखा फिरतोय का, यांच्याशी त्या दिव्याचा काही संबंध नसतो. "दिवा चालू आहे म्हणजे फ्रिज चालू आहे" असं धरून लोक दोन-दोन दिवस थांबतात आणि तोवर दूध नासतं.

कॉम्प्रेसर चालू आहे का ते हाताने आणि कानाने कळतं. मागे खाली काळा गोळा असतो, तो चालू असताना बारीक थरथरतो आणि चांगला गरम लागतो. हात हळूच लावा, चटका बसू शकतो. अलीकडच्या फ्रिजच्या दोन्ही बाजूंचे पत्रे गरम होतात. त्याला घाबरू नका. मागची काळी जाळी काढून त्याच नळ्या आता बाजूच्या पत्र्याआड बसवलेल्या असतात, आणि आतली उष्णता तिथूनच बाहेर पडते. उलट कॉम्प्रेसर तासभर चालूनही बाजू थंडच असतील, तर शंका घ्यायला जागा आहे.

स्टॅबिलायझरचे दिवे यापेक्षा जास्त बोलतात, पण ते फ्रिजच्या मागे भिंतीवर असतात आणि कोणी बघत नाही. साधारणपणे हिरवा म्हणजे फ्रिजला वीज जातेय. पिवळा किंवा नारिंगी म्हणजे वीज आलीय, पण स्टॅबिलायझरने ती मुद्दाम रोखून धरलीय. लाल म्हणजे व्होल्टेज फार कमी किंवा फार जास्त आहे, म्हणून पुरवठा तोडलाय. कंपनीप्रमाणे रंग बदलतात, तेव्हा डब्यावर छापलेलं एकदा वाचून घ्या. पिवळ्या दिव्याची दोन-तीन मिनिटं फार मोलाची असतात. कॉम्प्रेसर बंद झाल्यावर नळ्यांमधला दाब समान व्हायला तेवढा वेळ लागतो. त्याआधी त्याला परत चालू केलं तर तो उठत नाही, नुसता करंट खातो. लाईट आली रे आली की घाईने बटण बंद-चालू करण्याची सवय म्हणूनच सोडायला हवी.

डिस्प्लेच्या फ्रिजवर लुकलुकणारा दिवा किंवा अक्षरं दिसली की मोबाइलवर त्याचा फोटो काढा आणि मगच प्लग काढा. प्लग काढला की बऱ्याचदा खूण पुसली जाते आणि मेकॅनिकला काही सापडत नाही. उदाहरणार्थ, एलजीच्या बऱ्याच दोन दारांच्या मॉडेलांत 'ईआर' या अक्षरांबरोबर 'एफएफ' आलं तर फ्रीझरचा पंखा, 'डीएच' आलं तर बर्फ वितळवणारी यंत्रणा. प्रत्येक कंपनीच्या खुणा वेगळ्या, म्हणून सोबत आलेलं पुस्तक फेकू नका.

एक गोष्ट नव्या फ्रिजच्या घरात हमखास फसवते. दुकानात मांडलेला फ्रिज कधीकधी 'डेमो मोड'मध्ये असतो. दिवे लागतात, डिस्प्ले चालतो, बल्ब पेटतो, पण कॉम्प्रेसर सुरूच होत नाही. काहींच्या डिस्प्लेवर ओ-एफ-एफ ही इंग्रजी अक्षरं दिसतात. घरी आणल्यापासून एकदाही गार झाला नसेल तर आधी हे तपासा. पुस्तकात दिलेली दोन बटणं काही सेकंद दाबून ठेवली की काम होतं.

ज्यांच्या घरी डीप फ्रीझर आहे, पेप्सी-कुल्फीचा किंवा दुधाचा जोडधंदा आहे, त्यांच्या पेटीवर बहुधा तीन दिवे असतात. हिरवा विजेचा, नारिंगी जलद गोठवण्याचा आणि लाल आतलं तापमान वाढल्याचा. नवा माल भरल्यावर काही तास लाल दिवा राहिला तर ते ठीक आहे. दुसऱ्या दिवशीही तो गेला नाही, तर पेटी हरतेय असं समजा.

त्रास कधी येतो ते लिहून ठेवा

कॅलेंडरवर बारीक खुणा करा. दुपारीच गार होत नाही, की संध्याकाळी दिवे लागल्यावर? लाईट जाऊन आल्यावर? की आठ-दहा दिवस सुरळीत चालतो आणि मग बसतो? उत्तर बदललं की कारणही बदलतं.

अंदाज हाताने घेऊ नका. बाहेर ४२ अंश असताना १५ अंशांची बाटलीसुद्धा हाताला गारच लागते. वायरवाला साधा डिजिटल थर्मामीटर घ्या, त्याचं टोक पाण्याच्या पेल्यात बुडवून मधल्या कप्प्यात रात्रभर ठेवा आणि सकाळी दार उघडायच्या आधी आकडा वाचा. खालच्या भागात ३ ते ५ अंश आणि फ्रीझरमध्ये उणे १८ च्या आसपास, हे बरोबर.

फक्त दुपारी गार होत नसेल तर

फ्रिजच्या आत किंवा मागे एक पट्टी चिकटवलेली असते. त्यावर गॅसचं नाव, त्याचे ग्रॅम आणि 'क्लायमेट क्लास' लिहिलेला असतो. एन म्हणजे भोवतालच्या ३२ अंशांपर्यंत, एसटी म्हणजे ३८ पर्यंत आणि टी म्हणजे ४३ पर्यंत फ्रिज नीट काम करेल असं कंपनीचं म्हणणं. आता आपल्या गावाकडे बघा. एप्रिल-मे महिन्यांत इथे पारा ४२-४३ च्या पुढे जातो, आणि हे हवामान खात्याचं सावलीतलं तापमान. पत्र्याच्या खोलीत, पश्चिमेच्या तापलेल्या भिंतीला टेकून, शेजारी गॅसची शेगडी असेल तर फ्रिजच्या पाठीमागची हवा याहून गरम असते. टी क्लासचा चांगला फ्रिजसुद्धा तिथे त्याच्या हद्दीवर चालतोय. कॉम्प्रेसर दुपारी जवळजवळ न थांबता चालणार आणि तरीही आतला आकडा ८-९ वर अडकणार. तो बिघडलेला नाही, त्याला उष्णता टाकायला जागा मिळत नाही.

यावर उपाय जागेचा आहे. भिंतीपासून चार बोटं लांब, बाजूंना दोन-तीन बोटं मोकळं, वर पातेली आणि डबे रचायचे नाहीत. फ्रिजवर लोकरी किंवा प्लास्टिकचं कव्हर घालून त्याच्या बाजू झाकू नका. शक्य असेल तर उत्तरेच्या किंवा आतल्या भिंतीशी हलवा. पत्र्यावर पांढरा चुना मारला तरी खोलीतला फरक जाणवतो.

मागे काळी जाळी असलेला जुना फ्रिज असेल तर सोलापुरात एक कारण जास्तीचं जोडलं जातं. ज्या घरांना लागून किंवा खाली यंत्रमाग आहेत, तिथे टॉवेल-चादरीचं उडणारं सूत थेट त्या जाळीवर बसतं. पूर्व भागात मी असे फ्रिज उघडलेत की जाळीची तारच दिसत नव्हती. फ्रिज बंद करून, प्लग काढून, कोरड्या मऊ ब्रशने ते झाडलं आणि तासा-दोन तासांत फरक पडला. अशा घरांनी होळीच्या सुमाराला आणि पुन्हा मेच्या सुरुवातीला जाळी झाडावी. ओलं फडकं नको, ते सूत आणखी घट्ट चिकटवतं.

नॉबचंही सांगतो. नॉबवरचा आकडा म्हणजे तापमान नाही. बहुतेक फ्रिजमध्ये मोठा आकडा म्हणजे जास्त गार. उन्हाळ्यात एकदम शेवटच्या आकड्यावर ठेवलं तर साध्या फ्रिजचा कॉम्प्रेसर थांबायचं नाव घेत नाही, आणि फ्रीझरवर बर्फाचा थर चढत जातो. मधल्यापेक्षा एक घर वर पुरे. दोन दारांच्या साध्या फ्रिजमध्ये वर आणि खाली असे दोन नॉब असतील तर वरचा पूर्ण फिरवू नका. बऱ्याच मॉडेलांत तो नॉब गार हवेची वाटणी करतो. वरचा वाढवला की खालच्या वाट्याची हवा कमी होते, आणि लोक म्हणतात, "वर बर्फ जमतोय, खाली भाजी कोमेजतेय."

पाण्याच्या बाटल्या

शहरात नळाला रोज पाणी येत नाही. पाणी आलं की घागरी, पिंप, बाटल्या सगळं भरून ठेवायचं आणि त्याच ओघात दहा-बारा बाटल्या फ्रिजमध्ये ढकलायच्या, हे घरोघरी चालतं. हिशेब करून बघा. एक लिटर पाणी ३८ अंशांवरून ८ वर आणायला ३० किलोकॅलरी उष्णता काढावी लागते. दहा लिटरला ३००. लहान फ्रिजचा कॉम्प्रेसर सेकंदाला १०० ज्यूल, म्हणजे १०० वॅटने उष्णता बाहेर काढतो असं धरलं, तर नुसत्या त्या पाण्यासाठी साडेतीन तास जातात. तेवढ्या वेळात भिंतींतून आणि दारातून आत येणारी उष्णता यात धरलेलीच नाही. म्हणजे पाण्याच्या दिवशी फ्रिज 'बिघडतो' तो यामुळे. रात्री झोपताना तीन-चार बाटल्या भरा, आणि दिवसभराच्या पिण्याला माठच ठेवा. कोरड्या हवेत माठ चांगला काम करतो, आणि सोलापूरच्या मेमध्ये हवा कोरडीच असते.

संध्याकाळी किंवा लाईट जाऊन आल्यावर

कान देऊन ऐका. मागून 'टक्' आवाज, थोडी घरघर, पुन्हा 'टक्' आणि शांतता. तीन-चार मिनिटांनी तेच. कॉम्प्रेसर उठायचा प्रयत्न करतोय आणि त्याच्या संरक्षणासाठी बसवलेला ओएलपी त्याला बंद करतोय. कारण एकतर व्होल्टेज कमी, नाहीतर रिले, म्हणजे कॉम्प्रेसर सुरू करून देणारा छोटा भाग, खराब. तो आवाज येताना घरातला बल्ब किंवा पंखा मंद होत असेल तर आधी व्होल्टेज बघा. पुरवठा २३० व्होल्टचा असायला हवा. वायरमनकडून मल्टीमीटरने दोन वेळा मोजून घ्या, सकाळी आणि रात्री आठला, आणि ज्या सॉकेटवर फ्रिज आहे त्याच सॉकेटवर मोजा. मीटरपाशी २२५ आणि फ्रिजपाशी १९० दिसलं तर दोष महावितरणचा नाही, घरातल्या बारीक किंवा सैल वायरिंगचा आहे. मिक्सर, टीव्ही आणि फ्रिज एकाच एक्स्टेन्शन बोर्डवर असतील तर तो बोर्ड आजच काढा. त्याच्या प्लगला हात लावून बघा, गरम लागला तर आग लागण्याचीही भीती आहे.

व्होल्टेज ठीक असून 'टक्-टक्' चालू असेल तर साध्या कॉम्प्रेसरचा रिले आणि ओएलपी बदलून बघण्याचा आग्रह धरा. हे दोन्ही भाग कॉम्प्रेसरच्या मानाने अगदी स्वस्त आहेत. कॉम्प्रेसर 'गेला' असा निकाल त्यानंतरच स्वीकारा. इन्व्हर्टर कॉम्प्रेसरच्या (वेग कमी-जास्त करत चालणाऱ्या) फ्रिजमध्ये मात्र हे दोन भाग नसतात, तिथे त्यांच्या जागी इलेक्ट्रॉनिक कार्ड असतं आणि व्होल्टेजच्या झटक्याने आधी तेच जातं.

दहा-बारा दिवसांनी परत येणारा बिघाड

सगळ्यात जास्त पैसे याच बिघाडात वाया जातात, म्हणून इथे थोडं थांबून समजून घ्या.

दोन दारांच्या फ्रॉस्ट-फ्री फ्रिजमध्ये बर्फ दिसत नाही, पण बनतो. फ्रीझरच्या मागच्या पांढऱ्या पॅनलआड गार होणारी कॉइल असते. पंखा तिच्यावरून हवा ओढून वर-खाली पाठवतो. हवेतली वाफ त्या कॉइलवर दव होऊन गोठते. तो थर साचू नये म्हणून काही तासांनी कॉम्प्रेसर बंद होतो, कॉइलखालचा हीटर चालू होतो, बर्फ वितळतो आणि पाणी नळीने मागच्या ट्रेमध्ये जातं. हीटर, बायमेटल, फ्यूज, टायमर किंवा सेन्सर यातलं एक काही बंद पडलं की बर्फ वितळत नाही. थर वाढत जाऊन कॉइल बुजते आणि हवेची वाट बंद होते. फ्रीझर अजून बराच गार असतो, कॉम्प्रेसर चालू असतो, दिवे सगळे हिरवे असतात, आणि खालचा भाग कोमट.

पुढे काय होतं ते बघा. कोणीतरी सांगतं, फ्रिज बंद करून ठेवा. एक दिवस दार उघडं ठेवून बंद ठेवला की बर्फ आपोआप विरघळतो, फ्रिज झकास गार होतो, सगळ्यांना वाटतं झालं काम. मग पुन्हा थर साचायला लागतो आणि एक-दोन आठवड्यांत तीच दशा. या मधल्या काळात गॅस भरला गेला असेल तर श्रेय गॅसला मिळतं, कारण गॅस भरायला फ्रिज बंद ठेवावा लागतो आणि तेवढ्यात बर्फ वितळलेला असतो.

म्हणून ही चाचणी घरीच करा. सगळं सामान काढून प्लग काढा, दोन्ही दारं उघडी ठेवा, खाली जुनी चादर अंथरा आणि पूर्ण एक दिवस थांबा. हेअर ड्रायर किंवा उकळतं पाणी वापरू नका, आतलं प्लास्टिक तडकतं. मग चालू करा आणि तारीख लिहा. तो पहिल्यासारखा गार झाला आणि आठ-पंधरा दिवसांनी परत बसला, तर गॅस आणि कॉम्प्रेसर दोन्ही शाबूत आहेत. मेकॅनिकला सांगा, "डिफ्रॉस्टची, म्हणजे बर्फ वितळवायची, लाईन तपासा." एवढ्या एका वाक्याने काम योग्य जागी सुरू होतं.

बंद-चालू करूनही खाली हवा येत नसेल तर पंखा बघा. दाराच्या चौकटीतलं छोटं बटण बोटाने दाबून धरा. बल्ब विझायला हवा आणि बहुतेक मॉडेलांत पंख्याचा आवाज सुरू व्हायला हवा. बल्ब विझलाच नाही तर दार लावल्यावरही तो आत पेटलेलाच राहतो आणि फ्रिज तापवतो. हवेच्या जाळीसमोर भाजीची पिशवी किंवा कणकेचा डबा रेटून ठेवलेला नाही ना, तेही बघून घ्या.

सिंगल डोअर, आणि सुरी

एका दाराच्या फ्रिजमध्ये बर्फ डोळ्यांना दिसतो. अर्ध्या बोटापेक्षा जाड थर झाला की नॉबमधलं बटण दाबून तो वितळू द्या, कारण त्या थरामुळेच गारवा खाली उतरत नाही. सुरी, उलथनं, स्क्रू ड्रायव्हर यांनी बर्फ कधीही खरवडू नका. फ्रीझरचा तो अॅल्युमिनियमचा पत्रा म्हणजेच गॅसची नळी आहे. सुरीचं टोक घुसलं की 'फुस्स' होतं आणि मग खरोखरच गॅसचा खर्च लागतो.

दाराच्या रबराची परीक्षा नोटेने घ्या. नोट दारात धरून दार लावा आणि ओढा. अलगद निघाली तर तिथून हवा जातेय. रबर कोमट साबणपाण्याने पुसा, घडीतला तेलकट चिकटा काढा. तरी सैल राहिलं तर बदला. भाजीच्या ट्रेखाली पाणी साचत असेल तर मागच्या भिंतीतलं निचऱ्याचं भोक कोथिंबिरीच्या काडीने तुंबलंय, ते मोकळं करा.

गॅस खरंच गेला असेल तेव्हा

खूण अशी की कॉम्प्रेसर न थांबता चालतो, बाजू फारशा तापत नाहीत, आणि फ्रीझरच्या एकाच कोपऱ्यात बर्फ धरतो, बाकी पत्रा कोरडा. असं असेल तर मेकॅनिकला तीन प्रश्न विचारा, आदरानेच, पण विचारा. गळती कुठे सापडली? फिल्टर नवा टाकणार का? गॅस भरण्याआधी व्हॅक्यूम पंप लावणार का? व्हॅक्यूम नीट झालं नाही तर नळीत ओलावा राहतो. तो बारीक नळीच्या तोंडाशी गोठतो, फ्रिज गार होता होता थांबतो, आणि काही तास बंद ठेवला की पुन्हा चालतो. गॅस भरल्यानंतर असा त्रास सुरू झाला असेल तर त्याच मेकॅनिकला परत बोलावण्याचा तुम्हाला हक्क आहे.

पट्टीवर आर ६०० ए लिहिलं असेल तर हा गॅस पेट घेणारा आहे. नळीला ज्योत लावण्याआधी जुना गॅस मोकळ्या हवेत सोडलेला असायला हवा. काम चालू असताना शेगडी बंद, देवापुढचा दिवा विझवलेला, खिडक्या उघड्या. आणि जो पट्टीवर लिहिलाय तोच गॅस, तेवढेच ग्रॅम.

लाईट नसताना आतल्या वस्तूंचं

दार न उघडता खालचा भाग साधारण चार तास सुरक्षित राहतो, आपल्या उन्हाळ्यात त्याहून कमीच धरा. दूध, शिजवलेला भात, मटणाचा रस्सा जास्त वेळ कोमट राहिला असेल तर वासावर जाऊ नका, टाकून द्या. शेंगाचटणी आणि कडक भाकरीला फ्रिज लागतच नाही, ती जागा आधी रिकामी करा.

घरात कोणी इन्सुलिन घेत असेल तर फ्रिजचा आकडा रोज बघायलाच हवा. न उघडलेली बाटली २ ते ८ अंशांत राहिली पाहिजे. ती मागच्या भिंतीला, चिलर ट्रेला किंवा हवेच्या जाळीला चिकटवून ठेवू नका, कारण गोठलेलं इन्सुलिन वितळल्यावरही वापरता येत नाही. मधल्या कप्प्यात, झाकणाच्या डब्यात, पुढच्या बाजूला ठेवा आणि थर्मामीटरचं टोक त्याच डब्याशेजारी सोडा. फ्रिज दोन-तीन दिवस दुरुस्तीला जाणार असेल तर बाटल्या आदल्या दिवशीच शेजारच्या घरी किंवा ओळखीच्या मेडिकल दुकानात नेऊन ठेवा. ज्या बाटल्या तासन् तास उन्हाळी खोलीत राहिल्या, त्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय टोचू नका.